गहाण घराचं कौतुक पुरे

घोडबंदर रोडवरच्या एका मॉलमध्ये, शुक्रवारी सकाळी पावणेदहाला, माझा मित्र स्वतःच्या सिनेमाच्या पुठ्ठ्याच्या स्टँडीशेजारी उभा होता. दुकानं अजून उघडायची होती. सफाई करणाऱ्या मावशी फरशी पुसत होत्या. सरकते जिने बंद होते, त्यामुळे वरच्या मजल्यापर्यंत आम्ही ते पायऱ्यांसारखे चढून गेलो. पहिला खेळ दहा वाजून दहा मिनिटांचा होता. मित्राने फोनवर बुकिंगचं ॲप उघडलं आणि खुर्च्यांचा नकाशा माझ्यापुढे धरला. अकरा खुर्च्या गेलेल्या होत्या. "यातल्या सहा आमच्याच घरच्या आहेत," तो म्हणाला. "हिच्या मावश्या ऐरोलीहून रिक्षा करून आल्यात."

सोमवारी ठाण्यातला तो एकुलता एक खेळ निघाला. कामोठ्यात दुपारचा एक राहिला होता, तो गुरुवारी संपला. चार वर्षांच्या कामाला थिएटरात सात दिवस मिळाले.

सिनेमा घणसोलीतल्या एका आगरी कुटुंबाचा होता. वडिलांचं मिठागर गेलेलं, संपादित जमिनीच्या बदल्यात मिळणाऱ्या साडेबारा टक्क्यांच्या भूखंडावरून तीन भावांत फाटलेलं, आणि मधल्या सुनेने हे सगळं घर एकटीने सांभाळलेलं. लिहिला त्यानेच, दिग्दर्शन त्याचं, निर्माताही तोच. पैसा ऐरोलीच्या वन बीएचकेवर कर्ज काढून उभा केला. ते घर त्याच्या वडिलांनी ठाणे-बेलापूर पट्ट्यातल्या कारखान्यात तीस वर्षं शिफ्ट करून घेतलं होतं. कमी पडले तेव्हा बायकोच्या पाटल्या मोडल्या. सिनेमाच्या शेवटी जी नावं वर सरकत जातात, त्यांत 'विशेष आभार' या यादीत तिचं नाव आठवं होतं. मी मोजलं.

त्या आठवड्यात त्याच्यावर एक छोटी बातमी छापून आली. मथळ्यात गहाण घर होतं, सिनेमाचं नाव दुसऱ्या परिच्छेदात. ओळखीच्या लोकांनी ती बातमी अभिमानाने एकमेकांना पाठवली. 'याला म्हणतात जिद्द' असं खाली लिहून. त्यांच्या मनात वाईट काहीच नव्हतं. तरी ती बातमी वाचताना माझ्या पोटात कालवलं, आणि हा लेख त्यातून आला आहे.

मला जे म्हणायचं आहे ते सरळ सांगते. एकाच माणसाने लेखक, दिग्दर्शक आणि निर्माता असणं याला आपण पराक्रम म्हणतो. मराठीत बहुतेक वेळा तो नाइलाज असतो. आणि त्या नाइलाजाची किंमत दुसरा सिनेमा मोजतो, जो कधी होतच नाही. पहिला सिनेमा माणूस आयुष्यभर साठवलेल्यातून करतो. कारकीर्द म्हणजे त्यानंतरचा दुसरा, तिसरा, फसलेला चौथा आणि सावरलेला पाचवा. घर गहाण टाकून पहिला होतो. पाचव्यापर्यंत पोचायला प्रत्येक वेळी नवं घर कुठून आणायचं?

हे कौतुक आपल्याकडे मुळापासून आहे. दादासाहेब फाळक्यांची गोष्ट शाळेपासून ऐकत आलो. त्यांनी विम्याच्या पॉलिसी गहाण टाकल्या, १९१२ साली लंडनला जाऊन कॅमेरा आणला, पैसे घालणाऱ्याला विश्वास वाटावा म्हणून वाटाण्याचं रोप उगवताना टिपून दाखवलं. पत्नी सरस्वतीबाईंचे दागिने गेले. त्याच सरस्वतीबाई दादरच्या बंगल्यात फिल्म धूतही होत्या आणि सगळ्या युनिटचा स्वयंपाकही करत होत्या. ३ मे १९१३ ला गिरगावच्या कोरोनेशनमध्ये 'राजा हरिश्चंद्र' लागला. इथे आपण टाळ्या वाजवतो आणि गोष्ट संपवतो.

पण गोष्ट तिथे संपत नाही. पुढे १९१८ मध्ये भागीदारांबरोबर हिंदुस्थान फिल्म कंपनी झाली, पैसेवाल्यांशी खटके उडाले, फाळके सगळं सोडून काशीला गेले, तिथे नाटक लिहिलं, परत आले. १९३७ चा 'गंगावतरण' हा त्यांचा एकमेव बोलपट आणि शेवटचा चित्रपट, तोही कोल्हापूरच्या एका कंपनीसाठी केलेला. १६ फेब्रुवारी १९४४ ला नाशिकमध्ये ते गेले तेव्हा हातात फारसं काही नव्हतं. ज्या माणसाने भारतात हा धंदा उभा केला, त्याच्या धंद्याने त्याला शेवटी सांभाळलं नाही. त्यांच्या नावाचा सर्वोच्च पुरस्कार १९६९ पासून दिला जातो. आपण फाळक्यांच्या पहिल्या वर्षाचं अनुकरण करायला तरुणांना सांगतो आणि शेवटच्या वर्षांबद्दल गप्प बसतो.

फाळक्यांपुढे दुसरा रस्ता नव्हता. भारतात पूर्ण लांबीचा कथाचित्रपट कोणी केलाच नव्हता, मग त्यावर पैसे लावणारं कोण असणार? शंभराहून अधिक वर्षांनी ऐरोलीतल्या माणसाला तोच रस्ता धरावा लागतो, ही माझी तक्रार आहे.

कारण मधल्या काळात आपण दुसरे रस्ते तयार केले होते. १९२९ मध्ये कोल्हापुरात पाच भागीदारांनी 'प्रभात' फिल्म कंपनी काढली. व्ही. शांताराम, दामले, फत्तेलाल, धायबर आणि पैशाची बाजू पाहणारे सीताराम कुलकर्णी. १९३३ मध्ये ती पुण्याला आली. तिथे नट, रंगारी, ध्वनिमुद्रक सगळे कंपनीच्या पगारावर होते. एका सिनेमाचा तोटा दुसऱ्याने भरून निघायचा. 'संत तुकाराम' १९३६ चा, दिग्दर्शक दामले-फत्तेलाल, लेखक शिवराम वाशीकर. लिहिणारा वेगळा, घडवणारे वेगळे, आणि मागे एक संस्था.

किंवा सत्तरच्या दशकातला 'सामना' घ्या. पटकथा विजय तेंडुलकरांची, दिग्दर्शन जब्बार पटेलांचं, निर्माते रामदास फुटाणे. तीन डोकी, तीन स्वभाव. मी गेली चौदा वर्षं मालिकांचे संवाद लिहिते, त्यामुळे हे मला जवळून कळतं. लिहिलेल्या पानावर दुसऱ्या कोणीतरी शंका घ्यावी लागते. दिग्दर्शक म्हणतो, हा सीन पडतोय. निर्माता म्हणतो, हे लोकेशन परवडत नाही, दुसरं काही सुचव. लेखक हट्ट धरतो, मग दोन रात्री झोपत नाही आणि तिसऱ्या दिवशी आधीच्यापेक्षा चांगला सीन घेऊन येतो. माझा मित्र एकटाच तिघं होता. त्याच्यातला लेखक थकला की त्याच्यातला निर्माता म्हणायचा, असू दे, शूटिंगचा एक दिवस वाचला. मध्यंतरानंतरची दहा मिनिटं त्याच्या सिनेमात ढिली आहेत. त्याला मी ते तोंडावर सांगितलं आहे. लेखकाचं मानधन वाचवायला मीच लिहितो, हे वाक्य मी इतक्यांकडून ऐकलंय की आता ते ऐकलं की पुढचा सिनेमा कुठे अडकणार ते आधीच दिसायला लागतं.

एकाने तिन्ही करावंच नये असं माझं म्हणणं नाही. आचार्य अत्र्यांनी १९५३ साली 'श्यामची आई'ची पटकथा लिहिली, दिग्दर्शन केलं, निर्मितीही केली, आणि त्याला पहिलं राष्ट्रपती सुवर्णपदक मिळालं. पण अत्र्यांकडे नाटकं होती, लेखन होतं, आणि सभागृह भरवणारं त्यांचं नाव होतं. सिनेमा पडला असता तरी ते अत्रेच राहिले असते. तीन टोप्या घालायची हौस आणि ऐपत असलेल्याने जरूर घालाव्यात. ज्याला लिहून दिग्दर्शन करायचं आहे त्याला निर्मात्याची टोपी डोक्यावर दाबून बसवली जाते, तो प्रश्न आहे.

आता ठाण्यात येऊ.

आम्ही दोघं कॉलेजात एकांकिका करायचो. नाटकवाला मुलगा सिनेमाकडे का वळतो आणि तिथे एकटा का पडतो, हे मला नाटकाशी ताडून पाहिल्यावरच समजलं. तलावपाळीवर गडकरी रंगायतन १९७८ पासून उभं आहे. ते पालिकेचं आहे. घोडबंदरकडच्या वस्तीसाठी काशिनाथ घाणेकर नाट्यगृह झालं, तेही पालिकेचं. वाशीला विष्णुदास भावे, डोंबिवलीला सावित्रीबाई फुले, कल्याणला आचार्य अत्रे रंगमंदिर, सगळी सार्वजनिक पैशातली. मराठी व्यावसायिक नाटक या घरांवर जगतं. निर्माता तारखा घेतो, शनिवारी गडकरी, रविवारी दुपारी भावे, रात्री कल्याण. प्लॅन उघडतो, म्हणजे तिकीटविक्री सुरू होते, खिडकीवर माणसं येतात. पहिल्या दहा प्रयोगांना गर्दी नसली तर नाटक थांबवता येतं, दुसरा अंक आवळता येतो, नट बदलता येतो, आणि पंचविसाव्या प्रयोगाला ते उभं राहतं. एका प्रयोगाचा तोटा किती, हे निर्मात्याला आधी माहीत असतं. तोटा होतो, पण घर जात नाही.

आणि भाडं नाटकाला परवडेल असं असावं, यावर या शहरात भांडणं झाली आहेत, निवेदनं दिली गेली आहेत, मोर्चे निघाले आहेत. नाट्यगृह दुरुस्तीला बंद असलं की आपण विचारतो, कधी उघडणार? नाटक ही आपली सार्वजनिक गोष्ट आहे, हे ठाणेकरांच्या मनात पक्कं बसलंय. वाचनाचंही तसंच. मराठी ग्रंथसंग्रहालय ठाण्यात १८९३ साली सुरू झालं, आणि सार्वजनिक ग्रंथालयांना सरकारी आधार देणारा कायदा महाराष्ट्राने १९६७ मध्ये केला. पुस्तक शुक्रवारी आलं आणि गुरुवारी नाहीसं झालं, असं होऊ नये याची तजवीज आपल्या आजोबा-पणजोबांनी केली.

सिनेमाचं काय? ठाण्यात सिनेमाची घरं होती, ती खाजगी होती, आणि जमिनीचा भाव वाढला तशी एकामागून एक गेली. वंदना टॉकीज गेली तरी एसटीचा स्टँड अजून तिच्या नावाने ओळखला जातो. उरलेला सिनेमा मॉलमध्ये गेला. मॉल चालवणाऱ्याला मी दोष देत नाही. त्याच्या पडद्यामागे वीज, पगार, भाडं आहे, त्याला त्या तासात जो सिनेमा जास्त पॉपकॉर्न विकतो तो लावायचा असतो. पण आपल्या भाषेच्या सिनेमाचं एकमेव घर ते असेल, तर त्या घरात आपण भाडेकरूही नाही, सात दिवसांचे पाहुणे आहोत.

हिशोब सांगते, कारण भावनेच्या गोष्टी आकड्यांशिवाय कोणी ऐकत नाही. २००९ साली निर्माते आणि मल्टिप्लेक्स यांच्यात जवळपास दोन महिने संप चालला. त्यातून वाटणी ठरली ती अशी: निव्वळ उत्पन्नातला पहिल्या आठवड्यात ५० टक्के, दुसऱ्यात साडेबेचाळीस, तिसऱ्यात साडेसदतीस आणि पुढे ३० टक्के वितरक-निर्मात्याकडे. आता ही उतरती भाजणी कोणासाठी सोयीची आहे ते बघा. ज्या सिनेमाची जाहिरात महिनाभर टीव्हीवर चालली, जो पहिल्या शुक्रवारी शेकडो पडद्यांवर लागतो, त्याची कमाई पहिल्या आठवड्यातच होते. ज्याच्याकडे जाहिरातीला पैसे नाहीत, ज्याला कोणीतरी शेजारणीला 'बघून ये गं' म्हटल्यावर प्रेक्षक मिळणार, त्याची गर्दी तिसऱ्या आठवड्यात येते. तोवर एक तर तो उतरवलेला असतो, किंवा त्याच खुर्चीमागे त्याच्या वाट्याला कमी पैसे येतात. दोनशे रुपये निव्वळ तिकिटावर पहिल्या आठवड्यात शंभर, चौथ्यात साठ. त्याशिवाय डिजिटल प्रक्षेपणाचं शुल्क निर्मात्याने प्रत्येक पडद्यामागे भरायचं, खुर्ची भरो न भरो. पोस्टर त्याचं, स्टँडी त्याची. मित्राच्या बाजूला त्या सकाळी जी पुठ्ठ्याची सून उभी होती, तिचेही पैसे त्यानेच दिले होते.

सरकारने काही केलं नाही असं मी म्हणणार नाही. एप्रिल २०१५ मध्ये मल्टिप्लेक्सनी प्राइम टाइमला मराठी सिनेमा दाखवावा असा आदेश निघाला, त्यावर केवढा गदारोळ झाला, आणि शेवटी दुपारी बारा ते रात्री नऊ एवढा लांबरुंद प्राइम टाइम ठरला. दर्जानुसार अनुदानही आहे, अनेक वर्षं 'अ' दर्जाला ४० लाख आणि 'ब' दर्जाला ३० लाख मिळत आले. त्याने कितीतरी निर्माते तगले, हे खरं. पण हे पैसे कधी येतात? सिनेमा पूर्ण झाल्यावर, तपासणी झाल्यावर. म्हणजे ज्याच्याकडे आधी पैसे होते त्यालाच ते नंतर मिळू शकतात. तोवर बँकेचा हप्ता दर महिन्याच्या पाच तारखेला जातच असतो. आणि हे अनुदान निर्मात्याला मिळतं. पुढचा सिनेमा त्याच दिग्दर्शकाचा असावा, किंवा पुढचा सिनेमा असावाच, अशी त्यात कुठेही सोय नाही.

कायद्याचंही तसंच. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात चित्रपटाचा 'कर्ता' म्हणजे निर्माता. दिग्दर्शक नाही. २०१२ च्या दुरुस्तीने गीतकार, संगीतकार, लेखक यांना त्यांच्या मानधनापलीकडे पुढच्या कमाईत वाटा मिळण्याचा हक्क मिळाला, तोही सोडून देता न येणारा. फार मोठी गोष्ट झाली ती. मात्र दिग्दर्शकाला त्यात काही मिळालं नाही. त्यामुळे ज्याला आपल्या सिनेमावर काही हक्क राहावा असं वाटतं, तो म्हणतो, मग निर्माताच होतो. घर गहाण पडतं ते निव्वळ हट्टापायी नाही, त्यात ही एक साधी, समजण्यासारखी भीती असते. आपण चार वर्षं वाढवलेलं मूल दुसऱ्याच्या नावावर लागेल ही.

मला नेहमी एक उत्तर मिळतं: सिनेमात दम असेल तर लोक येतात, 'सैराट' बघा. 'सैराट' मी तीनदा पाहिला आहे आणि नागराज मंजुळेंबद्दल मला अपार आदर आहे. पण नीट बघितलं तर तो दाखला माझ्याच बाजूने उभा राहतो. 'पिस्तुल्या' हा लघुपट, मग फेब्रुवारी २०१४ मध्ये 'फँड्री', मग एप्रिल २०१६ मध्ये 'सैराट'. पहिल्यानंतर दोन-सव्वादोन वर्षांत दुसरा. ते शक्य झालं कारण जाहिरात आणि वितरणाचं ओझं पेलणारी झीसारखी मोठी संस्था मागे होती. प्रतिभा मंजुळेंचीच. पण त्या प्रतिभेला दुसरी संधी वेळेवर मिळाली म्हणून 'सैराट' झाला.

आता दुसरा दाखला. २००४ मध्ये संदीप सावंतांच्या 'श्वास'ला सुवर्णकमळ, म्हणजे देशातल्या सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. 'श्यामची आई'नंतर पन्नास वर्षांनी मराठीला तो मान मिळत होता. सिनेमा ऑस्करला पाठवला गेला, तिथल्या प्रचारासाठी पैसे हवे होते आणि महाराष्ट्राने अक्षरशः वर्गणी काढली. मीही तेव्हा पन्नास रुपये दिले होते, माझ्या पहिल्या पगारातले. सावंतांचा पुढचा सिनेमा 'नदी वाहते' २०१७ मध्ये आला. तेरा वर्षांनी. त्यामागची कारणं त्यांची त्यांना ठाऊक, त्यांच्या वतीने मी काही बोलणार नाही. पण आपल्या बाजूचं बोलू शकते. लॉस एंजेलिसला जाण्यासाठी आपण वर्गणी काढली. या माणसाचा पुढचा सिनेमा लवकर यावा म्हणून कोणी पेटी फिरवली नाही, मीही नाही, आणि ते कोणाला सुचलंसुद्धा नाही.

सुमित्रा भावे आणि सुनील सुकथनकर यांच्या 'कासव'ला एप्रिल २०१७ मध्ये सुवर्णकमळ जाहीर झालं. चित्रपटगृहांत तो आला ऑक्टोबरमध्ये. देशातला सर्वोत्कृष्ट सिनेमा महाराष्ट्रात सहा महिने बघायला मिळत नाही, आणि तोवर बातमीही थंड होते.

याला उपाय आहेत. फ्रान्समध्ये १९४६ पासून सिनेमासाठी एक सरकारी संस्था आहे. तिथे प्रत्येक तिकिटातून १०.७२ टक्के रक्कम बाजूला काढली जाते, हॉलिवूडच्या सिनेमाच्या तिकिटातूनसुद्धा, आणि ती पुन्हा सिनेमातच घातली जाते. त्यातला एक भाग असा, की तुमच्या सिनेमाची जितकी तिकिटं विकली गेली त्या प्रमाणात तुमच्या नावे पैसे साठतात, आणि ते तुम्हाला फक्त पुढच्या सिनेमासाठीच वापरता येतात. दुसऱ्या सिनेमाची सोय पहिल्यातच. इतकं लांबही जायला नको. केरळच्या राज्य चित्रपट महामंडळाची स्वतःची थिएटरं आहेत, तिरुवनंतपुरममध्ये कैराली, श्री आणि निला. स्त्री दिग्दर्शकांना पहिला सिनेमा करायला ते महामंडळ पैसे देतं, आणि मार्च २०२४ मध्ये त्यांनी 'सी स्पेस' नावाचं स्वतःचं ओटीटीही सुरू केलं.

आपल्याकडे शंभर रुपयांवरच्या तिकिटाला १८ टक्के जीएसटी आहे, त्यातला निम्मा राज्याचा. दोनशेच्या तिकिटामागे राज्याला अठरा रुपये. मराठी सिनेमाच्या तिकिटातले हे अठरा रुपये त्या सिनेमाच्या दिग्दर्शक आणि लेखकाच्या नावे पुढच्या सिनेमासाठी बाजूला ठेवा. पन्नास हजार लोकांनी सिनेमा पाहिला तर नऊ लाख होतात. एवढ्यात सिनेमा होत नाही. पण वर्ष-दीड वर्ष घर चालवून नीट पटकथा लिहिता येते, वेगळ्या लेखकाला मानधन देता येतं, आणि हातात लिहिलेलं काहीतरी घेऊन निर्मात्याकडे जाता येतं. जीएसटी येण्याआधी मराठी सिनेमाला करमणूक कर माफ होताच. तेव्हा राज्याच्या तिजोरीने सोडलेलाच हा हक्क आहे, फक्त तो आता योग्य माणसापर्यंत पोचवायचा.

सरकारी पैसा आला की त्याच्यासाठीच सिनेमे काढणारे येतात, ही शंका रास्त आहे. नुसत्या अनुदानासाठी घाईघाईत उरकलेल्या सिनेमांच्या सेटवर मी स्वतः गेले आहे. एकदा माझ्या संवादांचा तिसरा हप्ता तशाच एका निर्मात्याकडे राहिला तो राहिलाच. म्हणूनच पैसा समितीच्या गुणांवर देण्यापेक्षा तिकिटावर द्या. कोणी बघितला नाही तर काही साठणार नाही.

पण बघायला जागा तर हवी. इथे राज्याच्या एखाद्या महामंडळाची वाट बघायची गरज नाही, हे काम शहरांचं आहे. घाणेकर नाट्यगृहात मोठ्या रंगमंचाबरोबर मिनी थिएटर आहे. आठवड्याचा एक वार, समजा मंगळवार संध्याकाळ, तिथे मराठी सिनेमासाठी राखून ठेवता येईल. नाटकाला ज्या भावनेने भाडं ठरतं त्याच भावनेने. तिकीट शंभराच्या आत ठेवलं तर जीएसटीही पाचच टक्के. मल्टिप्लेक्समधून उतरलेल्या सिनेमाला सलग आठ मंगळवार द्या. वाशीतही करता येईल. एका शहराने केलं तर बाकीची बघून करतील. दिग्दर्शकाचं घर त्याने सुटणार नाही. पण त्याला एक गोष्ट मिळेल जी त्या शुक्रवारी अकरा खुर्च्यांमध्ये मिळाली नाही.

ती काय, हे मी डोळ्यांनी पाहिलं आहे. सिनेमा उतरल्यावर तीन महिन्यांनी आम्ही पाचपाखाडीतल्या आमच्या सोसायटीच्या हॉलमध्ये त्याचा एक खेळ केला. गणपतीच्या मंडपाच्या खुर्च्या, भाड्याचा प्रोजेक्टर, खिडक्यांना काळं कापड. सव्वाशे माणसं आली. कोळशेतहून एक आजोबा नातवाला घेऊन आले होते. संपल्यावर ते सगळ्यांत आधी उठले आणि म्हणाले, मिठागरातला तो नट मीठ ओढतो ना, तो लाकडी दांडा चुकीच्या हातात धरतो, असं धरलं तर दुपारपर्यंत खांदा उतरेल. आणि त्यांनी उभं राहून, दोन्ही पाय रोवून, हवेत ओढून दाखवलं. हॉल शांत झाला. मग एक बाई म्हणाल्या, सून शेवटी काहीच बोलत नाही ते बरं केलंत, आमच्या जाऊबाईही नाही बोलल्या. मध्यंतरानंतर सिनेमा रेंगाळतो हेही तिघांनी सांगितलं. माझं न ऐकणारा माझा मित्र त्यांचं ऐकत होता आणि तिकिटाच्या मागच्या कोऱ्या बाजूवर लिहून घेत होता.

दिग्दर्शक असाच शिकतो. नाटकवाल्याला हे रोज मिळतं, पडदा पडायच्या आधी कुठे खोकला आला ते विंगेत कळतं. सिनेमावाल्याला त्याच्या सिनेमाबरोबर अंधारात बसायला निदान पन्नास अनोळखी माणसं लागतात. तेवढी माणसं त्याला मिळू न देणं म्हणजे त्याचा दुसरा सिनेमा कच्चा ठेवणं.

सध्या तो घोडबंदरलाच एका मालिकेचा एपिसोड डायरेक्टर आहे. सकाळी सातची कॉल टाइम, रात्री पॅकअप कधी ते सांगता येत नाही, पैसे नव्वद दिवसांनी. हप्ते सुरू आहेत. दुसऱ्या सिनेमाची साठ पानं लिहून झाली आहेत, यावेळी मी त्याच्याबरोबर लिहिते आहे. मिनी थिएटरच्या मंगळवारांसाठी आम्ही आठ-दहा जणांनी सह्या करून गेल्या आठवड्यात पालिकेत अर्ज दिला, शिक्का मारलेली पोच माझ्या पर्समध्ये आहे. ते सांगायला मी त्याला फोन केला तेव्हा तो सेटवर होता, लाइट लागत होता, दोन मिनिटं होती त्याच्याकडे. सगळं ऐकून म्हणाला, "तिथला प्रोजेक्टर कुठला आहे तेवढं विचारून ठेव. जुना असला तर माझे रात्रीचे सीन काळे पडतील."